गुरुवारचा घास

‘कट’ हा शब्द मला मोठ्याने म्हणता येत नाही, हे माझ्या चित्रपटाच्या पहिल्याच दिवशी सर्वांच्या लक्षात आले. सर्व म्हणजे फार माणसे नव्हती. कॅमेऱ्यामागे तळेगावचा एक छायाचित्रकार होता. एरवी तो लग्नांचे चित्रीकरण करतो. मुख्य भूमिकेतला तरुण कुरुळीजवळच्या एका कारखान्यात प्रेस ऑपरेटर होता, आणि त्याच्या आईच्या भूमिकेत होत्या त्याच्याच खानावळीच्या मावशी. ध्वनिमुद्रण मी स्वतः पाहत होतो. पहिला शॉट संपला, माझ्या घशातून आवाज फुटेना, आणि मायलेक एकमेकांकडे पाहत तसेच बसून राहिले. शेवटी छायाचित्रकार म्हणाला, “सर, थांबायचं का हितंच मुक्काम टाकायचा?”

त्यावर आम्ही एक तोड काढली. निर्माता आणि दिग्दर्शक होण्यापूर्वी सव्वीस वर्षे मी चाकणच्या एका सुट्या भागांच्या कारखान्यात गुणवत्ता विभागात होतो. पास झालेल्या नगावर खूण करण्यासाठी तिथे पिवळे मार्कर वापरत. त्यांतला एक अजूनही माझ्या खिशात असे. शॉट चालू असेपर्यंत मी तो मार्कर छातीशी उभा धरायचा. खाली केला, की छायाचित्रकाराने माझ्या वतीने ‘कट’ म्हणायचे. ही पद्धत इतकी सोयीची ठरली, की पुढे मी तोंड उघडण्याचा प्रयत्नच सोडून दिला. प्रेस ऑपरेटर प्रत्येक शॉटनंतर विचारी, “साहेब, हा पीस पास का रिजेक्ट?” मी मान हलवत असे. तेवढ्यावर आमचे काम चाले.

वयाच्या एक्कावन्नाव्या वर्षी नोकरी सोडून चित्रपट करायला निघालेल्या माणसाकडे धैर्य असेल, असा लोकांचा समज होतो. माझ्याकडे ते नव्हते. माझ्याकडे पुस्तके होती, चित्रपट रसग्रहणाच्या तीन वर्गांची प्रमाणपत्रे होती आणि ताथवड्याच्या आमच्या घरात एक टेबल होते, ज्यावर मी चार वर्षे एकच पटकथा पुन्हा पुन्हा लिहिली. कथा लहान होती. एका तरुणाला कामावरून कमी केलेले असते. हे तो आईला सांगत नाही. रोज सकाळी डबा घेऊन बाहेर पडतो, दिवसभर कुठेतरी बसून राहतो आणि भूक मेल्यामुळे डबा तसाच भरलेला परत आणतो. आई ओळखते, पण बोलत नाही. शेवटच्या प्रसंगात ती परत आलेला डबा त्याच्यासमोर उघडते आणि त्यातला घास स्वतः खाते. एवढेच. तो घास म्हणजे तिने सगळे जाणल्याची कबुली. माझा सगळा चित्रपट त्या एका घासावर उभा होता.

चित्रीकरण केवळ गुरुवारी होत असे. आमच्याकडच्या कारखान्यांना साप्ताहिक सुट्टी गुरुवारी असते. त्यामुळे ऑपरेटर मोकळा असे, दुपारनंतर खानावळ बंद म्हणून मावशी मोकळ्या असत, आणि आजूबाजूच्या शेडमधल्या प्रेसही गप्प असल्याने माझ्या ध्वनिमुद्रणात ठोके येत नसत. एका आठवड्याला एक दिवस, असे आम्ही तेवीस गुरुवार काम केले. मी हे नियोजन एका तक्त्यावर मांडले होते. प्रत्येक चौकोनात प्रकाश, पोशाख, वस्तू, शिफ्ट. कारखान्यातल्या तपासणीपत्रकासारखाच तो तक्ता होता, आणि त्यात काही सुटले असेल असे मला वाटत नव्हते.

चोविसावा गुरुवार शेवटचा होता, कारण ऑपरेटरची बदली झाली होती. कंपनीने त्याला गुजरातच्या प्लांटमध्ये पाठवले होते. शनिवारी हजर व्हायचे होते. त्या गुरुवारीच रात्री नऊची बस होती, नाशिक फाट्यावरून. म्हणजे कुरुळीतून साडेसातला निघणे भाग होते. राहिला होता एकच प्रसंग, तो घासाचा. मी तो मुद्दाम शेवटी ठेवला होता. तोवर मावशींना कॅमेऱ्याची सवय झालेली असेल, असा माझा हिशेब होता.

दुपारी एक वाजता आम्ही तयार झालो. खानावळीच्या मागच्या खोलीत खिडकीतून तिरका उजेड येत होता. डबा मांडला होता. मी मावशींना, मला जमते तितक्या हळू आवाजात, समजावून सांगितले, की या वेळी शॉट मधेच तोडायचा नाही, एकाच सलग शॉटमध्ये घास तोंडात जाताना, चावताना, गिळताना दिसला पाहिजे.

मावशी परभणीकडच्या. कुरुळीत येऊन त्यांना पंधरा वर्षे झाली असतील. त्यांनी डब्याकडे पाहिले, मग माझ्याकडे.

“आज कसं खाऊ साहेब? गुरवार हाय नं.”

मला अर्थबोध झाला नाही. “गुरुवारच आहे,” मी म्हणालो. “आपण नेहमी गुरुवारीच…”

“दत्ताचा उपास हाय माझा. मालक गेले तवापासून धरलेला. दिवे लागल्यावर सोडते.”

मला तेवीस गुरुवार आठवू लागले. जेवणाचे चार प्रसंग आम्ही त्याआधी चित्रित केले होते. त्या चारही प्रसंगांत मावशी भाकरीचा तुकडा मोडत, भाजीला लावत, ताटात इकडून तिकडे सारत आणि तोंडापर्यंत नेत नसत. संकलनाच्या वेळी मी ती दृश्ये कितीदा पाहिली होती. वहीत नोंद केली होती : ‘ही आई जेवत नाही. अत्यंत संयत अभिनय. सूचना न देता साधला.’ एका रसग्रहण वर्गातल्या मित्राला मी हे फोनवरून सविस्तर ऐकवलेही होते.

“मावशी, तुम्ही कधी सांगितलं नाही,” मी म्हणालो.

“तुमी ईचारलं कुठं? म्या म्हनलं, तुमाला ठाव असंल. चहा पन घेत नाय मी गुरवारी, दिसत नाय का तुमाला?”

मी छायाचित्रकाराकडे पाहिले. तो लेन्स पुसत होता. “मला ठाव व्हतं की सर. मला वाटलं, तुमी मुद्दाम गुरुवार धरलाय. जेवायचं न्हाई तिनं, म्हणून.”

ऑपरेटर मान खाली घालून हसू दाबत होता. “साहेब, चोवीस लॉट गेले राव. आता कळलं का डिफेक्ट?”

मी बाहेर आलो. घरी उशीर होईल हे सांगायला पत्नीला फोन केला, आणि न राहवून झालेला प्रकारही सांगितला. ती शाळेत शिकवते. समोरच्याला प्रश्न विचारण्याची तिला धास्ती नसते. ती म्हणाली, “अहो, पाहुणा ताटावर नुसता बसून राहिला, तर आम्ही आधी आज वार कुठला ते बघतो. सहा महिने तुम्ही त्यांना जेवलात का म्हणून नाही विचारलंत?” मी विचारले नव्हते. माणसांना खासगी प्रश्न विचारू नयेत, हा मला माझा सभ्यपणा वाटत आला होता. सव्वीस वर्षे ज्या टेबलाशी बसलो, तिथे नग बोलत नसत. त्यांची मापे घेतली की पुरे होत असे.

एक ते साडेसहा मी काय केले, याचा नीट हिशेब मला देता येत नाही. खानावळीच्या दारापासून समोरच्या बंद शेडपर्यंत पन्नासेक पावले असतील. ती मी किती वेळा चाललो कोण जाणे. माझ्यातला निर्माता दिग्दर्शकाला सांगत होता, की एकच घास मागून पाहा, त्यांना काय वाटायचे ते वाटो. तरुण आज गेला की चित्रपट अर्धवट राहील. दिग्दर्शक सांगत होता, की हाताचा जवळून शॉट घे, कोणाच्याही हाताचा, आणि मोकळा हो. मी तेही मनात जुळवून पाहिले. जुळत नव्हते. मग वाक्य तयार केले : ‘मावशी, तुमच्या श्रद्धेचा आदर ठेवून एक विनंती करतो.’ हे वाक्य मी चार वेळा दारापर्यंत घेऊन गेलो. चौथ्या वेळी त्या घेवड्याच्या शेंगा निवडत बसल्या होत्या.

“बसा की,” त्या म्हणाल्या. “येरझारा घालून का दिवस लवकर मावळतो?”

मी बसलो. वाक्य निघाले नाही. त्याऐवजी मी विचारले, “घेवडा का?”

“दत्ताला घेवडाच लागतो निवेदाला.”

एवढे बोलून त्या पुन्हा शेंगा मोडू लागल्या. मग, जणू तेच बोलणे पुढे चालू होते, म्हणाल्या, “दिवे लागले की निवेद दाखवते. मग त्यातलंच डब्यात घालते, तेच खाते. तुमी मशीन तयार ठेवा. पन तो दुपारचा डबा नको. लेकरानं सरावाला त्यातलं खाल्लंय, उष्टं झालं. उष्ट्यानं उपास सोडत नाय मी.”

म्हणजे दिवसभर मी जे मागायला घाबरत होतो, त्याची त्यांनी केव्हाच व्यवस्था लावली होती. मला बरे वाटायला हवे होते. मला आठवले ते एवढेच, की सकाळी डबा भरतानाचा शॉट आम्ही तिसऱ्या गुरुवारी घेतला आहे आणि त्या डब्यात मेथी आहे. मेथी घालून सकाळी निघालेला डबा संध्याकाळी घेवडा घेऊन कसा परत येईल? तक्त्यात ‘भाजी : मेथी’ असे लिहिलेले होते. मी हे छायाचित्रकाराला बाजूला घेऊन सांगितले.

“सर, झाकण उघडल्यावं वाफ यील. सगळं हिरवंच दिसतंय,” तो म्हणाला. “त्यात आज लाइटीचा पत्ता न्हाई. मला बाईचं नाक दिसलं तरी लई झालं.”

गुरुवारी आमच्याकडे वीजही दुरुस्तीसाठी बंद ठेवतात. दिवसाच्या उजेडात काम करताना याची कधी अडचण झाली नव्हती. त्या दिवशी सहा वाजले तरी वीज आली नाही. लग्नाच्या मांडवात वापरायचा बॅटरीवरचा एक दिवा छायाचित्रकाराकडे होता. तो भिंतीकडे तोंड करून लावला. ऑपरेटरने बॅग दाराशी आणून ठेवली. सहा वीसला तो नव्या बुटांच्या नाड्या बांधत होता. चित्रपटातला मुलगा चपला घालतो, हे मला त्याला सांगावे लागले. त्याने बूट काढले आणि माझ्याकडे न पाहता कोपऱ्यात सारले. तो दिवसभर हसत होता, पण संध्याकाळ होऊ लागली तशी त्याची थट्टा कमी होत गेली होती. त्याची आई तो लहान असताना गेली, हे मला त्याच्या तोंडून नव्हे, मावशींच्या तोंडून त्याच दिवशी कळले होते. तोपर्यंत तेही मी विचारले नव्हते.

साडेसहानंतर मावशींनी दिवा लावला. आरती म्हटली, आम्ही तिघेही मागे हात जोडून उभे राहिलो. नैवेद्य दाखवून झाल्यावर पाणी फिरवले, आणि मग त्यांनी घेवड्याची भाजी, दोन भाकऱ्या आणि मिरचीचा ठेचा डब्यात भरला. सात वाजून पाच मिनिटे झाली होती. एकच शॉट होणार होता. उपवास दोनदा सुटत नाही.

मी हेडफोन लावले. मार्कर छातीशी उभा धरला.

तरुण आत आला, डबा ठेवला आणि भिंतीला टेकून बसला. मावशी पुढे झाल्या. झाकण उघडण्यापूर्वी त्यांनी डब्याला हात लावून कपाळाला लावला. हे पटकथेत नव्हते. माझा हात किंचित हलला. छायाचित्रकाराने माझ्याकडे पाहिले. मी मार्कर पुन्हा सरळ केला. वाफ आली. मावशींनी भाकरीचा तुकडा मोडला, भाजी घेतली आणि घास तोंडात घातला.

दिवसभर उपाशी असलेल्या माणसाचा पहिला घास मी तोवर इतक्या जवळून ऐकला नव्हता. हेडफोनमध्ये तो चावण्याचा आवाज येत होता, मग गिळण्याचा, मग एक लहानसा श्वास. चित्रपटातल्या आईने इथे थांबायचे होते. मावशी थांबल्या नाहीत. त्यांनी दुसरा घास घेतला, तिसरा घेतला. त्यांना भूक लागली होती. मग उरलेल्या भाकरीचे दोन भाग केले, त्यातला मोठा त्याच्यापुढे ठेवला आणि म्हणाल्या, “खा. आता कवा बसशील असा म्होरं.”

हे वाक्य मी लिहिलेले नव्हते. माझ्या कथेतला मुलगा कुठेही जात नाही. गुजरातला जाणारा प्रेस ऑपरेटर होता, आणि ते त्यालाच विचारलेले होते. मापात न बसणारा नग मी सव्वीस वर्षे एका क्षणात बाजूला ठेवत आलो होतो. घड्याळात सात वाजून बारा मिनिटे झाली होती. छायाचित्रकार एक डोळा कॅमेऱ्याला लावून दुसऱ्याने माझ्या हातातल्या मार्करकडे पाहत होता.

मी तो खाली केला नाही.

तरुणाने भाकरी घेतली. एक घास खाल्ला. “दिवाळीला येतो की,” तो म्हणाला. मावशींनी ठेचा त्याच्याकडे सरकवला. दोघे जेवत राहिले. मीही मार्कर धरून तसाच उभा होतो. किती वेळ, ते नंतर फूटेजवरून मोजले : साडेचार मिनिटे. मग मावशींनी बोटे चाटली आणि सरळ कॅमेऱ्याकडे पाहून विचारले, “झालं का साहेब?”

छायाचित्रकारानेच ‘कट’ म्हटले. ऑपरेटरने हात धुतले, बूट चढवले. मला नमस्कार करताना विचारले, “पास का?” मी मान हलवली. मावशींनी डब्यातले उरलेले तसेच ठेवून वर अजून दोन भाकऱ्या घातल्या आणि डबा त्याच्या बॅगेत कोंबला. दुसऱ्या दिवशी मला माणसे आणि आवाज नसलेला एक शेवटचा शॉट घ्यायचा होता, धुऊन पालथा घातलेल्या त्या डब्याचा. तक्त्यात तो अखेरचा चौकोन होता. तोंड उघडायला हवे होते. त्याची रिक्षा वळणावरून दिसेनाशी होईपर्यंत मी उभा होतो.

चित्रपट आता पूर्ण झाला आहे. वाफ, उपवास, घेवडा यांपैकी काहीही कोणाच्या लक्षात येत नाही. ताथवड्याच्या एका अभियांत्रिकी महाविद्यालयाच्या सभागृहात पहिल्यांदा दाखवला, तेव्हा नंतर एका विद्यार्थिनीने विचारले, “सर, शेवटी आई ‘आता कवा बसशील’ असं म्हणते, म्हणजे मुलगा निघून जाणार हे तिला आधीच कळलेलं असतं का? ते वाक्य तुम्हाला कसं सुचलं?” माझ्या हातात माइक होता. साठ-सत्तर चेहरे माझ्याकडे पाहत होते. मी मान हलवली आणि म्हणालो, “लिहिता लिहिता सुचलं.”

त्यानंतरचे काही दिवस मला धड झोप लागली नाही. ते वाक्य मी चोरले, हे तर होतेच. पण त्याहून अधिक एक गोष्ट सलत होती. त्या संध्याकाळी मार्कर वर राहिला, तो मला त्या क्षणाचे मोल कळले म्हणून, की थांबवण्याचे धाडस झाले नाही म्हणून? लोक ज्या शेवटाचे कौतुक करतात, तो बहुधा माझ्या भित्रेपणाने घडवला असावा. खात्री मला आजही नाही.

पुढच्या गुरुवारी मी कुरुळीला गेलो. मावशी दुपारची भांडी आवरत होत्या. मी त्यांना सभागृहातला प्रसंग सांगितला, सगळा, न गाळता. वाक्य तुमचे होते, मी माझे म्हणून सांगितले, असे म्हणालो. इतके सलग मी त्यांच्याशी आजवर बोललो नव्हतो.

त्यांनी ऐकून घेतले. मग पाणी निथळायला परात भिंतीला उभी केली.

“त्याचं काय एवढं,” त्या म्हणाल्या. “माझा डबा कवा यायचा ते सांगा. चार खनांचा होता. जोडी फुटली माझी.”

मी तिथूनच ऑपरेटरला फोन लावला. पलीकडे प्रेसचे ठोके ऐकू येत होते. “साहेब, लाइनवर हाय, नंतर बोलू का?” तो ओरडून म्हणाला.

“आज गुरुवार आहे,” मी म्हणालो.

“हिकडं सुट्टी रविवारी असती साहेब.”

ठोक्यांच्या वरून ऐकू जावे म्हणून मला मोठ्याने बोलावे लागले. “मावशींचा डबा,” मी म्हणालो. पुन्हा म्हणालो. तिसऱ्यांदा इतक्या जोरात म्हणालो, की मावशी भांडी ठेवून माझ्याकडे बघू लागल्या. पलीकडून काहीतरी उत्तर आले. प्रेसच्या आवाजात ते मला कळले नाही. फोन तसाच कानाला धरून मी मावशींना विचारले, “तुम्ही सकाळपासून काही खाल्लं नसेल ना?”

“नाय,” त्या म्हणाल्या. “दिवे लागूस्तवर थांबता का? घेवडा आनलाय.”